समुद्रफुलाचे रंग आणि त्याची निगा

समुद्रफूल दिसायला फूल, पण जातीने प्राणी. पोवळी आणि जेलीफिश ज्या निडारिया संघात मोडतात, त्याच संघातला हा जीव. खाली खडकाला घट्ट धरून ठेवणारा तळवा, वर मऊ दंडगोल शरीर, त्याच्या माथ्यावर तबकडी, तबकडीच्या मधोमध तोंड आणि भोवतीने शुंडके अशी त्याची रचना असते. अन्न आत घ्यायला आणि चोथा बाहेर टाकायला तोंड एकच. शुंडक्यांवर असंख्य दंशपेशी असतात. भक्ष्याचा स्पर्श झाला की त्यांतून विषारी सूक्ष्म धागे सुटतात आणि लहानसा मासा किंवा कोळंबी जागीच सुन्न होते. माशांचे दुकानदार आणि पाळणारे याला सरसकट ॲनिमोन म्हणतात.

घरच्या रीफ टाकीत सर्वांत जास्त दिसते ते बबल-टिप ॲनिमोन. शुंडक्यांच्या टोकाखाली बोराएवढे गोल फुगे येतात, त्यावरून हे नाव पडले. शास्त्रीय नाव एंटॅकमिया क्वाड्रिकलर, म्हणजे ‘चार रंगांचे’. तांबड्या समुद्रातल्या नमुन्यांवरून 1828 साली त्याचे पहिले शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध झाले. तांबड्या समुद्रापासून हिंदी महासागर ओलांडून पॅसिफिकमधल्या सामोआपर्यंत हे आढळते. उथळ पाण्यात ते लहान आकाराचे आणि एकमेकांना खेटून घोळक्याने राहते. खोल पाण्यात एकटे राहते आणि 40 सेंटीमीटरपर्यंत पसरते. ज्यांच्यात क्लाउनफिश घर करतात अशा समुद्रफुलांच्या जाती जगात जेमतेम 10 आहेत. त्यांत घरगुती टाकीत टिकायला सर्वांत सोपी जात हीच, म्हणून पुढचे विवेचन मुख्यतः तिच्याविषयी आहे.

तिचा रंग समजून घ्यायचा तर तो दोन थरांत पाहावा लागतो. खालचा थर तपकिरी. तो समुद्रफुलाचा स्वतःचा नव्हे. त्याच्या पेशींत राहणाऱ्या झूझँथेली नावाच्या एकपेशीय शैवालाचा तो रंग. हे शैवाल उजेडात साखर तयार करते आणि तिचा मोठा वाटा यजमानाला देते. समुद्रफुलाची रोजची बरीचशी ऊर्जा अशी आतूनच मिळते. म्हणून साध्या तपकिरी समुद्रफुलाला नाक मुरडू नये. तो तपकिरीपणा म्हणजे भरलेले पोट आहे.

वरचा थर हिरवा, गुलाबी, लाल किंवा नारिंगी. हे रंग समुद्रफूल स्वतः बनवते. ती चमकणारी प्रथिने असतात. निळा प्रकाश शोषून दुसऱ्या रंगाचा प्रकाश बाहेर टाकतात. अशा प्रथिनांपैकी पहिले हिरवे प्रथिन जेलीफिशमध्ये सापडले आणि त्यावरच्या कामाला 2008 चे रसायनशास्त्राचे नोबेल मिळाले. एंटॅकमिया क्वाड्रिकलरमधूनही 2002 साली एक लाल प्रथिन वेगळे करण्यात आले. त्याचा प्रकाश 611 नॅनोमीटरचा, म्हणजे नारिंगीच्या पलीकडचा लाल. याच जातीच्या दुसऱ्या एका प्रथिनापासून पुढे आणखी गडद लाल प्रथिने तयार झाली आणि जिवंत उंदराच्या शरीरातल्या पेशी बाहेरून पाहण्यासाठी प्रयोगशाळांनी ती वापरायला घेतली. टाकीतल्या ‘रोझ’ समुद्रफुलाची लाली आणि प्रयोगशाळेतली ही लाल खूण एकाच कुळातली आहे.

या दोन थरांच्या कमी-अधिक मिश्रणातून बाजारातले प्रकार होतात. तपकिरी आणि हिरवा हे सर्वांत साधे, स्वस्त आणि चिवट. हिरव्यातही कधी फक्त टोके हिरवी, कधी सारे अंग चमकदार असते. ‘रोझ’मध्ये शुंडके गुलाबीपासून लालपर्यंत. ‘रेनबो’मध्ये तबकडीचा रंग एक, शुंडक्यांच्या बुडाचा दुसरा आणि टोकाचा तिसरा. ‘ब्लॅक विडो’ काळपट वाटावा इतका गडद लाल, तर ‘कोलोरॅडो सनबर्स्ट’ पिवळसर नारिंगी. ही नावे व्यापाऱ्यांनी आणि हौशी पाळणाऱ्यांनी ठेवलेली आहेत, प्राणिशास्त्राने नव्हे. प्राणी सगळे एकाच जातीचे. तरीही चांगल्या हातांत या नावांना अर्थ असतो, कारण समुद्रफूल स्वतःचे दोन तुकडे करून वाढते आणि प्रत्येक तुकडा मूळ जीवाची जनुकीय प्रत असतो. त्यामुळे एखादा सुंदर रंग वर्षानुवर्षे जसाच्या तसा एका टाकीतून दुसऱ्या टाकीत जात राहतो. उलट, नाव मोठे आणि वंश अज्ञात असेल तर ते नाव केवळ किंमत वाढवण्यापुरते असते.

खरेदीच्या वेळी रंग पाहायचा तो पांढऱ्या उजेडात. दुकानातले दिवे बहुधा गडद निळे असतात आणि त्या उजेडात चमकणारी प्रथिने पेटल्यासारखी दिसतात. तेच समुद्रफूल घरी दिवसाच्या उजेडासारख्या दिव्याखाली मंद गुलाबी-तपकिरी दिसले, तर तो आजार नाही आणि फसवणूकही नाही. प्रकाश बदलला एवढेच. दुकानदाराला दोन मिनिटे पांढरे दिवे लावायला सांगावे. फोटोवरून खरेदी असेल तर पांढऱ्या उजेडातला फोटो मागावा.

दोन रंगांपासून मात्र लांब राहावे. पहिला पांढरा. दुधासारखे पांढरे, जांभळ्या टोकांचे समुद्रफूल ‘दुर्मीळ’ म्हणून विकायला येते. विशेषतः सेबे ॲनिमोन या नावाखाली. ते दुर्मीळ नसते, उपाशी असते. वाहतुकीतल्या अंधारामुळे, उष्णतेमुळे किंवा खराब पाण्यामुळे त्याने आतले शैवाल गमावलेले असते आणि त्यासोबत रोजची शिदोरीही. दुसरा रंग म्हणजे हळदीसारखा पिवळाधमक किंवा शाईसारखा निळा-गुलाबी, तोही शेंड्यापासून तळव्यापर्यंत एकसारखा. असे समुद्रफूल बहुधा आधी शैवाल गमावलेले आणि मग रंगात बुडवलेले असते. हा रंग काही आठवड्यांत उतरतो, पण तोपर्यंत आधीच अशक्त असलेल्या जीवाला मिळणारा उजेड तो अडवतो. असा प्राणी दया येऊन विकत घेतला तरी दुकानदार त्याच्या जागी दुसरा आणून ठेवतो. न घेणे हाच त्या प्राण्यांवरचा उपकार.

निरोगी समुद्रफुलाची परीक्षा रंगापेक्षा तळव्याने करावी. ते काचेला किंवा खडकाला घट्ट धरून असावे, तळवा फाटलेला नसावा, तोंड मिटलेले असावे आणि शुंडक्याला कोळंबीचा तुकडा लावताच तो चिकटावा. समुद्रातून काढलेल्यापेक्षा टाकीत विभाजन होऊन तयार झालेले केव्हाही उत्तम. ते टाकीच्या पाण्याला सरावलेले असते आणि त्यापायी समुद्रातला एक जीव कमी झालेला नसतो. समुद्रफुले फार दीर्घायुषी असतात. स्कॉटलंडमध्ये सर जॉन डॅलियल यांनी 1828 मध्ये किनाऱ्यावरून आणलेले एक समुद्रफूल बरणीत जगले ते थेट 1887 पर्यंत. मालक जाऊन बरीच वर्षे झाली तरी ‘ग्रॅनी’ नावाने ते सांभाळले जात होते. ते वेगळ्या जातीचे, थंड पाण्यातले. पण समुद्रातून उचललेल्या प्रत्येक समुद्रफुलासोबत किती वर्षांचे आयुष्य उचलले जाते, याची कल्पना त्यावरून येते. भारतात आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. प्रवाळभित्ती बांधणारी कठीण पोवळी आणि समुद्रपंखे वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहेत. समुद्रफुलाबरोबर ‘शोभेला’ म्हणून पोवळ्याचा तुकडा दिला जात असेल तर तो घेऊ नये.

टाकी किमान सहा महिने, शक्यतो वर्षभर चाललेली असावी. नव्या टाकीत अमोनिया आणि नायट्राइट शून्यावर आले तरी बाकीचे घटक खालीवर होत राहतात. मासा ते सोसतो, समुद्रफूल सोसत नाही. पहिल्या दोन-तीन महिन्यांत आणलेली बहुतेक समुद्रफुले मरतात ती याच घाईपायी. आकार 100 लिटरपेक्षा कमी नको. 200 लिटर असेल तर पाणी सांभाळणे पुष्कळ सोपे जाते. तापमान 24 ते 27 अंश सेल्सियस, विशिष्ट गुरुत्व 1.024 ते 1.026, पीएच 8.1 ते 8.4, अल्कलिनिटी 8 ते 11 डीकेएच, कॅल्शियम 400 ते 450 पीपीएम. नायट्रेट 5 ते 10 पीपीएम असले तरी चालते. अगदी शून्य केलेल्या पाण्यात आतल्या शैवालाची उपासमार होते. आकडा अमुकच हवा यापेक्षा तो रोज तोच राहणे जास्त महत्त्वाचे.

पाणी आरओ-डीआय यंत्राचे वापरावे. टँकरच्या किंवा बोअरच्या पाण्यात काय असेल याचा भरवसा नसतो, आणि तांबे तर समुद्रफुलासाठी विषच आहे. माशांच्या पांढऱ्या ठिपक्यांवर मिळणाऱ्या कित्येक औषधांत तांबे असते. ती मुख्य टाकीत कधीही घालू नयेत. मुंबईच्या किंवा तिच्या आसपासच्या किनाऱ्यावरून कॅन भरून आणलेले समुद्राचे पाणीही नको. त्यात गाळ आणि सांडपाणी दोन्ही असते.

महाराष्ट्रात खरी कसोटी लागते ती उन्हाळ्यात. पाणी 30 अंशांवर गेले की आतले शैवाल बाहेर टाकले जाऊ लागते. चिलर महाग असला तरी विदर्भ-मराठवाड्यात त्याला पर्याय नाही. कोकणात किंवा पुण्यात पाण्याच्या पृष्ठभागावर वारा सोडणारा पंखा काही अंशी भागवतो, कारण बाष्पीभवनाने पाणी गार होते. मात्र उडून जाते ते फक्त पाणी, मीठ मागेच राहते. म्हणून पातळी खाली गेली की गोडे आरओ पाणीच घालावे, खारे नव्हे. आणि ते एकदम बादलीभर न ओतता थोडे थोडे, शक्य तर स्वयंचलित टॉप-अपने. वीज गेली की पाणी ढवळणे थांबते आणि प्राणवायू झपाट्याने कमी होतो, त्यासाठी बॅटरीवरचा एअर पंप हाताशी ठेवावा.

उजेड दिवसाला 8 ते 10 तास असावा, समुद्रफुलापाशी साधारण 100 ते 250 पार (शैवालाला वापरता येणाऱ्या उजेडाचे माप) इतका. नवे समुद्रफूल पहिल्याच दिवशी पूर्ण उजेडात ठेवले तर ते आक्रसते किंवा खडकामागे दडते. दिव्याची तीव्रता निम्म्यावर आणून दोन-तीन आठवड्यांत हळूहळू वाढवावी. उजेड कमी पडला तर समुद्रफूल अंग ताणून दिव्याकडे लांबते आणि त्याचे फुगे जाऊन शुंडके दोऱ्यासारखी होतात. पण फुगे गेले म्हणजे ते आजारीच आहे असे मात्र नव्हे. भक्कम, रंगदार समुद्रफुलांचेही फुगे अधूनमधून जातात आणि परत येतात.

घरी आणल्यावर पिशवी अर्धा तास टाकीत तरंगत ठेवून तापमान जुळवावे, मग नळीने थेंब थेंब टाकीचे पाणी सोडत तासाभरात क्षारता जुळवावी. जागा आधीच ठरवलेली असावी: तळवा आत खुपसता येईल अशी खडकातली खोबण आणि वर मोकळा उजेड. पंप बंद करून समुद्रफूल तिथे अलगद ठेवावे आणि हात काढून घेऊन नुसते पाहावे. आधी तळव्याची एक कड खडक चाचपते, मग उरलेला तळवा तिच्यामागे सरकत खोबणीत शिरतो. तासाभरात ते असे बसते की बोटाने हलत नाही. पकड बसली की पंप सुरू करावेत. कधी मात्र ते आपल्या पसंतीचे ठिकाण शोधत टाकीभर हिंडते. अशा वेळी त्याला परत ओढून आणू नये. त्याला जागा आवडली नाही, एवढेच ते सांगत असते. प्रवाह आणि उजेड तपासावा.

या हिंडण्यामुळेच टाकीतले सर्वांत भीषण अपघात होतात. वेव्हमेकरच्या पंख्यात सापडलेल्या समुद्रफुलाच्या चिंधड्या होतात आणि सुटलेल्या विषाने रातोरात सगळी टाकी जाऊ शकते. म्हणून प्रत्येक पंपावर आणि ओव्हरफ्लोच्या तोंडावर जाळी किंवा स्पंज बसवल्याशिवाय समुद्रफूल आणूच नये. शेजारी पोवळी असतील तर ती जाता जाता भाजून निघतात, हेही गृहीत धरावे. समुद्रफुलाला स्वतंत्र, बाजूने वाळू असलेला खडक दिला तर ते सहसा तो सोडत नाही. हलवणे भागच पडले तर खडकासकट हलवावे. ते शक्य नसेल तर तळव्याच्या कडेखालून नख किंवा गुळगुळीत प्लास्टिकची पट्टी सावकाश सरकवत न्यावी, किंवा तळव्यापाशी बर्फाचा खडा धरावा. गारव्याने पकड सैल होते. ओढलेला तळवा फाटतो आणि फाटलेला तळवा सहसा भरून येत नाही. हातात मोजे असावेत. बबल-टिपचा दंश बहुतेकांना जाणवतही नाही, पण मनगटाची नाजूक त्वचा लाल होते आणि तोच हात डोळ्याला लागला तर फार त्रास होतो.

क्लाउनफिश असलाच पाहिजे असे नाही. समुद्रफूल एकटेही उत्तम जगते. पण दोघे असले तर दोघांचा फायदा होतो: माशाने बाहेर टाकलेला अमोनिया आतल्या शैवालाचे खत होतो, आणि रात्री शुंडक्यांत हलणारा मासा तिथले पाणी खेळते ठेवतो. मरून आणि टोमॅटो क्लाउनफिश निसर्गातही बबल-टिपमध्ये राहतात. क्लार्की कोणत्याही यजमानाला आपला मानतो. ‘फाइंडिंग निमो’मुळे घरोघरी पोचलेला नारिंगी-पांढरा ऑसेलारिस मात्र निसर्गात बबल-टिपमध्ये राहत नाही, टाकीत तो बहुधा जुळवून घेतो, कधी चार दिवसांत, कधी चार महिन्यांत. नवे समुद्रफूल नीट बसेपर्यंत मासा सोडू नये. मोठ्या मरूनच्या धसमुसळेपणाने लहान समुद्रफूल उघडतच नाही. क्लाउनफिशची पिल्ले तयार करण्याचे तंत्र केंद्रीय सागरी मत्स्यिकी संशोधन संस्थेने भारतात विकसित केले आहे, तेव्हा मासाही पैदाशीचाच मागावा. समुद्री घोडा, मँडरिन यांसारखे संथ मासे समुद्रफुलाच्या टाकीत ठेवू नयेत.

चांगल्या उजेडात खाणे आठवड्यातून एक-दोनदा पुरते. बाजारातली ताजी कोळंबी, मीठ-हळद न लावलेली, सोलून, आरओ पाण्यात धुऊन, वाटाण्याएवढे तुकडे करून गोठवावी. तुकडा वितळवून लांब चिमट्याने शुंडक्यांना लावला की ती त्याच्याभोवती मिटतात आणि तुकडा सावकाश तोंडाकडे ढकलतात. मोठा घास दिला तर एक-दोन दिवसांनी तो अर्धवट पचलेला, चिकट होऊन बाहेर येतो. खाऊ घातल्याचे समाधान पाळणाऱ्याला, घाण मात्र टाकीला. क्लीनर कोळंबी असेल तर घास गिळेपर्यंत तिच्यावर लक्ष ठेवावे. ती तो तोंडातून ओढून काढते आणि त्या झटापटीत समुद्रफुलाला इजा होते. शैवाल गमावून फिकट पडलेल्या समुद्रफुलाला दिवसाआड, तुरीच्या डाळीएवढे घास द्यावेत आणि उजेड मंद ठेवावा. रंग परतायला महिने लागतात, पण तपकिरी झाक दिसू लागली की धोका टळत आला असे समजावे.

समुद्रफूल दिवसातून एखाद्या वेळी अगदी सुकलेल्या भाजीसारखे आक्रसते, तोंडातून तपकिरी धागे टाकते आणि काही तासांत पुन्हा भरून येते. शरीरातले जुने पाणी बदलण्याची ती त्याची रीत आहे. नवखे पाळणारे या वेळी घाबरून औषधे ओततात, पाणी बदलतात, त्याला उचलून पाहतात आणि तेवढ्यानेच ते बिघडते. काळजी करायची ती तोंड उघडे राहून आतला भाग बाहेर लोंबू लागला, तळव्याने पकड सोडली किंवा दोन-तीन दिवस ते फुललेच नाही तर. तेव्हा पाणी तपासावे, 15-20 टक्के बदलावे, सक्रिय कोळसा घालावा. शरीर विरघळू लागले आणि कुजका वास आला तर आशा धरू नये, लगेच बाहेर काढावे. टाकीत कुजलेले समुद्रफूल एका रात्रीत बाकीच्यांना घेऊन जाते.

निगा चांगली असेल तर वर्ष-दोन वर्षांत विभाजन होते. अचानक मोठा पाणीबदल किंवा तापमानातला धक्काही त्याला निमित्त होतो. म्हणून वारंवार विभाजन हे केवळ कौतुकाचे नव्हे, ताणाचेही लक्षण असू शकते. आधी तबकडी लांबट होते आणि तळव्याची दोन टोके विरुद्ध दिशांना चालू लागतात. मधला भाग ताणला जाऊन पातळ होतो, तोंडातून फाटतो, आणि काही तासांत किंवा एखाद्या दिवसात दोन अर्धगोल प्राणी शेजारी शेजारी उरतात. दोघांच्या एका कडेवर उघडी जखम. ती आत दुमडली जाते आणि एका कुशीवर झोपल्यासारखे दिसणारे ते अर्धे फूल हळूहळू पुन्हा गोल होते. या काळात खाणे देऊ नये, उजेड आणि पाणी जसेच्या तसे ठेवावे. ब्लेडने कापून विभाजन करण्याची पद्धतही आहे, पण ती नवख्याचे काम नव्हे. नव्या समुद्रफुलाचे तोंड मधोमध येऊन नीट मिटू लागले आणि त्याने दोन-तीन वेळा घास घेतला की, साधारण महिन्याभराने, ते दुसऱ्या पाळणाऱ्याला द्यायला हरकत नाही. देताना ते ज्या खडकावर बसले असेल त्या खडकासकट द्यावे, आणि आपल्या टाकीतले तापमान, क्षारता आणि दिव्याची तीव्रता एका चिठ्ठीवर लिहून सोबत द्यावी.